गोड बोलण्याची फी

माणसांशी नीट कसं बोलावं हे मी पैसे घेऊन शिकवते. पाहुण्यांसमोर मी हे वाक्य उच्चारलं की बाबा हातातलं वर्तमानपत्र खाली ठेवून माझ्याकडे बघतात, कारण घरात मी कशी बोलते हे त्यांना रोज ऐकावं लागतं. गॅसवाला उशिरा आला, शेजाऱ्यांनी गाडी आमच्या फाटकासमोर लावली, की माझा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत जातो. पण डॉक्टर स्वतः सिगारेट ओढतो म्हणून त्याचं औषध लागू पडत नाही, असं थोडंच आहे?

आधी मी एका खाजगी शाळेत शिकवत होते. शाळेचं व्यवस्थापन बदललं आणि नव्या लोकांशी माझं एकदा बोलणं झालं. त्या बोलण्यानंतर मी घरी होते. बसून बसून कंटाळा आला तेव्हा डोक्यात आलं की आपल्या नागपुरात दुकानातले लोक गिऱ्हाइकाशी जे बोलतात, त्यापेक्षा वाईट तर मी नक्कीच बोलत नाही. यांना शिकवणारं कोणीतरी हवंच. कार्ड छापलं, त्यावर ‘संवाद प्रशिक्षण’ असं लिहिलं आणि एक कार्ड बाबांच्या हातात दिलं.

बाबा सरकारी कार्यालयातून निवृत्त झालेले. फाईल, नोंद, सही, शिक्का असं काही हातात येतं तेच काम, अशी त्यांची पक्की समजूत. त्यांनी कार्ड उलटून मागची बाजू बघितली. मागे काहीच नव्हतं.

“बोलाचे पैसे कोण देते वं?” त्यांनी विचारलं. “कामठीची शाळा विचारून राहिली. जाऊन ये एकडाव.”

कामठीच्या त्या शाळेत बाबांचे एक जुने सहकारी संस्थेवर होते आणि तिथे दर जूनला कोणीतरी शिक्षिका कमी पडायचीच. मी चिडून सांगितलं, “बाबा, या कामाची पहिली फी माझ्या हातात आली, की तुम्ही कामठीचं नाव काढायचं नाही. फी बुडाली, तर मी मुकाट्यानं कामठीच्या शेअर ऑटोत जाऊन बसेन.” बाबांना हे व्यवहार्य वाटलं. मला वाटलं, दोन-तीन महिन्यांचा प्रश्न आहे. पुढे तो दिवाणी न्यायालयात गेला.

पहिलं काम मला एका स्वागतसमारंभात मिळालं. इतवारीत लग्नाच्या साड्यांचं मोठं दुकान असलेले एक गृहस्थ रांगेत माझ्या पुढे होते. पोटानं, आवाजानं आणि स्वभावानं ऐसपैस माणूस. मी त्यांना मालक म्हणते. दुकान चांगलं चालतं, माल एक नंबर आहे, पण गिऱ्हाईक गादीवर बसतं आणि उठून जातं, अशी त्यांची तक्रार होती. कारणही त्यांना माहीत होतं. त्यांच्या सगळ्यात जुन्या सेल्समननं आदल्याच दिवशी नवरीच्या आत्याला, “काकू, तुमाले आता काय शोभाचं राहिलं?” असं विचारलं होतं. पूर्ण वऱ्हाड समोरच्या दुकानात गेलं.

दुसऱ्या दिवशी मी दुकानात गेले. मालकांनी समोसे मागवले आणि स्वतःच्या हातानं माझ्या प्लेटमध्ये वाढले. मी काय शिकवेन, किती दिवस शिकवेन, हे सगळं सांगून झालं. मग फीचा आकडा सांगितला. आकडा इथे देत नाही, कारण तो ऐकून तुम्ही म्हणाल, एवढ्यासाठी कोर्ट? मालक म्हणाले, “ताई, पैशाचं काय घेऊन बसल्या तुम्ही! घरचाच मामला आहे. समोसा थंडा होऊन राहिला.”

तोंडात समोसा असताना लेखी करार मागणं आपल्याकडे जमत नाही. एखाद्यानं तुम्हाला दोनदा चटणी वाढली की त्याला ‘इथे सही करा’ म्हणणं म्हणजे त्याच्या आईवर संशय घेण्यासारखं वाटतं. मीही हसून “हो हो, त्याचं काय” म्हणाले. आमचा करार झाला तो एवढाच.

रोज सकाळी दुकान उघडण्याआधी पांढऱ्या गादीवर शिकवणी सुरू झाली. सगळे सेल्समन मांडी घालून बसत. आत्यावाला सगळ्यांत मागे, भिंतीला टेकून, आपल्याला शिक्षा झाली आहे अशा चेहऱ्यानं. चाळिशीचा माणूस, कपाळावर कायम आठी. गिऱ्हाइकानं साडी दाखवा म्हटलं, की याचं ठरलेलं उत्तर: “घ्याची असन तं उलगडतो. नाही तं कायले घडी मोडाची?”

मी त्यांना फार काही शिकवलं नाही. मोजकी वाक्यं होती, ती घोटून घेतली. ‘ताई, आपण आधी बसा तरी.’ ‘तुमचं म्हणणं अगदी बरोबर आहे.’ ‘मी तुमच्यासाठी स्वतः बघतो.’ आणि सगळ्यांत मोठा नियम म्हणजे गिऱ्हाइकाच्या तोंडावर ‘नाही’ म्हणायचं नाही. हिरवी मागितली आणि हिरवी नसली, तर जे आहे ते सांगायचं. राग आला, घाबरायला झालं, काही सुचेनासं झालं, तर डोळे मिटून या वाक्यांतलं जे पहिलं आठवेल ते म्हणायचं. आत्यावाल्याला हे फार जड गेलं. पण तो जिद्दी निघाला. एके दिवशी मी मागच्या खोलीत गेले, तर तो साडी नेसवलेल्या पुतळ्यासमोर हात जोडून उभा होता आणि म्हणत होता, “ताई, तुमचं म्हणणं अगदी बरोबर आहे.” पुतळ्याचं काय म्हणणं होतं ते मी विचारलं नाही.

लग्नसराई आली आणि दुकान गजबजलं. गादीवर बसलेलं गिऱ्हाईक उठेना. मालकांनी मला फोन करून सांगितलं, “ताई, तुम्ही तं जादू केली!” मी मनातल्या मनात बाबांना उत्तर देऊन टाकलं आणि फी घ्यायला गेले.

दारातच आत्यावाल्यानं हात जोडले. “ताई, आपण आधी बसा तरी.” मी बसले. पाणी आलं, चहा आला, संत्रा बर्फी आली. मी फीचं सांगितलं. तो मान हलवत शेवटपर्यंत ऐकत राहिला, मध्ये एकदाही तोडलं नाही. मग म्हणाला, “तुमचं म्हणणं अगदी बरोबर आहे. मी तुमच्यासाठी स्वतः बघतो.” आत गेला, बाहेर आला, मालक आत्ताच गेल्याचं सांगितलं आणि तेवढ्यात एक टसरचा ब्लाउजपीस माझ्या हातावर ठेवला. रंग खरंच सुंदर होता. मी घरी आले तेव्हा माझ्या पिशवीत ब्लाउजपीस आणि त्याचं बिल होतं, आणि पैसे आणखी कमी झाले होते.

“पैसे आणाले गेली होती का द्याले?” बाबांनी विचारलं.

पुढच्या वेळी मी घट्ट मन करून गेले आणि टॉवेल घेऊन आले. त्याच्या पुढच्या वेळी धोतर. आमच्या घरात धोतर नेसणारं कोणी नाही, बाबा जन्मात नेसलेले नाहीत. पण “काका पाहा कसे शोभतील” हे त्यानं अशा काही आपुलकीनं म्हटलं, की नको म्हणणं मला क्रूरपणाचं वाटलं. मला गुंडाळून घरी पाठवायला तो माझाच धडा माझ्यावर वापरत होता, आणि इतक्या सफाईनं, की मला त्याच्या उच्चारांचं कौतुक वाटत होतं. रस्त्यावर आल्यावर मात्र डोक्यात सणक जायची. फोन केला की मालक म्हणत, “हाव ताई, हाव. उद्याच.” त्यांचा उद्या काही उगवेना.

एप्रिल आला. बाबा म्हणाले, “कामठीवाले विचारून राहिले.” त्या दिवशी मी वकिलाकडे गेले.

वकील म्हणजे माझीच जुनी विद्यार्थिनी. सिव्हिल लाईन्सच्या कोर्टात तिला चार-पाच वर्षं झाली होती, तरी मला बघून ती खुर्चीतून ताडकन उभी राहिली. मी बस म्हटल्यावर बसली.

“टीचर, लेखी काही आहे?”

“समोसा होता.”

तिनं पेन खाली ठेवलं. मग माझा फोन मागितला. मालकांकडून मला रोज पहाटे गुलाबाची फुलं, उगवता सूर्य आणि सुप्रभात येत असे. त्या सगळ्या गुलाबांच्या खाली हात घालून तिनं शेवटी एक निरोप शोधून काढला: ‘उद्या नऊ वाजता या ताई, सगळ्यांना शिकायले बसवून ठेवतो.’ तिचा चेहरा उजळला. “टीचर, हे चालन!” तिनं आधी नोटीस पाठवली. मालकांनी नोटिशीचं उत्तर म्हणून सूर्य पाठवला. मग तिनं वसुलीच्या दाव्याचा मसुदा केला. मी तो लाल पेननं तपासून दिला. तिचं ऱ्हस्व-दीर्घ शाळेतही कच्चं होतं, आताही कच्चंच. तिनं मुकाट्यानं सगळं सुधारलं.

काही महिन्यांनी मालकांच्या बाजूनं लेखी उत्तर आलं. ते वाचून मी जे बोलले ते मी कोणालाच शिकवणार नाही. पहिला मुद्दा: वादी, म्हणजे मी, दुकानात शिकवायला कधी आलेच नाही, मी नियमित गिऱ्हाईक आहे आणि ही घ्या ब्लाउजपीस, टॉवेल व धोतराची बिलं. दुसरा: समजा शिकवलं असेलच, तर त्याचा कोणालाही काडीचा उपयोग झालेला नाही. तिसरा: समजा झाला असेलच, तर ते घरोब्यापोटी फुकट होतं, कारण दोन गोड शब्द सांगण्याचे कोणी पैसे घेत नाही.

शेवटचं वाक्य बाबांनी दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना त्यांची मान किंचित हलली, आणि मला तेच जास्त लागलं. मालकांचा राग आला होता, पण त्यांच्याशी माझा संबंध फीपुरता. बाबांना मात्र ते वाक्य पटत होतं. माझ्याच घरात प्रतिवादीचा एक साक्षीदार जेवत होता.

तारखा सुरू झाल्या. बाबा पहिल्यांदा आले ते माझा डबा घेऊन, नंतर डब्याशिवायही यायला लागले. त्यांना तिथे करमायचं. गठ्ठे कसे बांधतात, पट्टेवाला कसा पुकारा करतो, हे ते नातेवाइकाच्या घरी आल्यासारखं कौतुकानं बघत. मालकही दर तारखेला यायचे आणि आम्हाला बघून त्यांना खरोखर आनंद व्हायचा. “चला काका, चला ताई, आपला नंबर दुपारून लागन,” म्हणत ते आम्हाला कॅन्टीनमध्ये न्यायचे. वादी, प्रतिवादी आणि बाबा एकाच टेबलावर. पैसे मालकच द्यायचे, तिथे त्यांनी कधी हात आखडला नाही. एकदा माझी वकील धावत आली आणि कानाशी कुजबुजली, “टीचर, प्रतिवादीचा आलुबोंडा काहून खाऊन राहिल्या तुम्ही? त्याचे वकील पाहून राहिले ना!”

“गरम आहे,” मी म्हणाले. दुसरं काय सांगणार?

माझी साक्ष झाली. मी इतकं सविस्तर बोलले, की न्यायाधीश मॅडमनी मला दोनदा थांबवलं. मग प्रतिवादीचा साक्षीदार म्हणून आत्यावाल्याचं नाव पुकारलं गेलं. त्याचं शपथपत्र आधीच दाखल होतं: या बाईंनी आम्हाला काही शिकवलं नाही आणि आम्ही काही शिकलो नाही. आता माझ्या वकिलानं त्याची उलटतपासणी घ्यायची होती. मालकांच्या वकिलानं त्याला पढवून ठेवलं होतं, की समोरची काहीही विचारो, आपण फक्त ‘नाही, खोटं आहे’ म्हणायचं. ही साक्ष टिकली तर माझ्याकडे गुलाबांखालचा एक निरोप उरत होता आणि जूनमध्ये कामठी.

तो पिंजऱ्यात उभा राहिला. नवा शर्ट, केसांना तेल, कपाळावर घाम. एवढा मोठा हॉल, काळे कोट, वर बसलेल्या मॅडम. माणूस पुरता घाबरला होता.

“वादी रोज सकाळी तुमच्या दुकानात येत होत्या, हे खरं आहे का?” माझ्या वकिलानं विचारलं.

त्यानं तोंड उघडलं. ‘ना’ एवढं ओठांवर दिसलं, पण आवाज फुटला नाही. त्यानं डोळे मिटले. मग हात जोडले आणि म्हणाला, “ताई, आपण आधी बसा तरी.”

“मी उभी राहूनच विचारणार. उत्तर द्या.”

“तुमचं म्हणणं अगदी बरोबर आहे.”

मालकांचे वकील खुर्ची सरकवून उठले. “अहो, काय बोलून राहिले तुम्ही!”

तो वळून त्यांच्याकडे त्याच आपुलकीनं बघत म्हणाला, “साहेब, तुमचं म्हणणंही अगदी बरोबर आहे.”

मागच्या बाकांवर लोक हसले. मॅडमनी पेन खाली ठेवलं. “हे बघा, दोघांचंही बरोबर असू शकत नाही. या बाईंनी तुम्हाला काही शिकवलं की नाही, एवढंच सांगा.”

त्याच्या कानशिलावरून घामाचा ओघळ आला. “मॅडम, मी तुमच्यासाठी स्वतः बघतो.”

“माझ्यासाठी काही बघू नका. ‘नाही’ म्हणायचं असेल तर ‘नाही’ म्हणा.”

“तेच तं होऊन नाही राहिलं ना मॅडम!” तो रडकुंडीला आला. “गिऱ्हाइकाच्या तोंडावर नाही म्हणाचं नाही, असं ताईनं शिकवलं ना आमाले! तीन मयने घोटून घेतलं. आता तोंडातून निघतच नाही. बायकोलेही म्हणता येत नाही. घरात दोन फ्रीज झाले.”

हॉलमध्ये हसण्याचा जो स्फोट झाला त्यात माझा आवाज सगळ्यांत मोठा असायला हवा होता. पण माझ्या डोळ्यांत पाणी आलं. कोणी तरी, तेही शपथेवर, भर कोर्टात सांगत होतं की या बाईनं आम्हाला शिकवलं आणि ते आम्हाला लागू पडलं. शाळेत इतकी वर्षं काढली, पण एकाही विद्यार्थ्यानं मला असं प्रशस्तिपत्र दिलं नव्हतं. मॅडम हसू आवरत टायपिस्टला मजकूर सांगत होत्या: “साक्षीदार पुढे म्हणतो की, वादीने शिकवल्यामुळे त्यास ‘नाही’ म्हणता येत नाही.” फ्रीजचं घ्यायचं का, असं टायपिस्टनं विचारलं. मॅडम म्हणाल्या, घ्या.

बाहेर व्हरांड्यात मला वाटलं होतं, मालक आता आत्यावाल्याला फाडून खातील. मालक माझ्याजवळ आले आणि हळूच म्हणाले, “पाह्यलं ताई? घाबरला, पण एक शब्द वाकडा नाही बोलला गडी!” त्यांच्या आवाजात अभिमान होता. म्हणजे या माणसाला सगळं कळत होतं. मला इतका राग आला, की मी त्या दिवशीचा चहा नाकारला. एवढ्या तारखांमधला माझा हा पहिला कडक निषेध.

बाबा स्कूटरवर माझ्या मागे बसले. सिग्नलला थांबल्यावर म्हणाले, “त्याले खरंच नाही म्हणता येत नसन?”

“नसेल.”

“हं,” बाबा म्हणाले. त्या हुंकाराचा अर्थ मी घरी येईपर्यंत लावत होते. लागला नाही.

निकाल माझ्या बाजूनं लागला. फी, वर व्याज, वर दाव्याचा खर्च. बाबांनी निकालाची प्रत चष्मा पुसून वाचली, शिक्का नीट उमटलाय का बघितलं आणि नवी फाईल आणून तिच्यात लावली. “हुकूम साजरा आहे, एकदम झकास,” ते म्हणाले. “पण हुकूम आला म्हणजे पैसे आले असं नाही. आमच्या हापिसातही असंच होये.”

त्यांचं खरं निघालं. मालक आता कोर्टाच्या हुकमालाही ‘उद्याच’ म्हणायला लागले. वकिलानं मग वसुलीची दरखास्त लावली आणि दुकानातला माल जप्त करायचं वॉरंट निघालं. वॉरंट घेऊन बेलिफ, म्हणजे कोर्टाचा वसुलीवर जाणारा माणूस, एका सकाळी इतवारीत गेला. चांगला उंच, मिशीवाला माणूस होता. मला फार आशा होती. संध्याकाळी वकिलाचा फोन आला.

“टीचर, त्याले आत्यावाल्यानं बसवलं.”

“मग?”

“चहा दिला. त्याचं म्हणणं अगदी बरोबर आहे म्हणून सांगितलं.”

“अगं, मग?”

“पैठणी विकत घेऊन गेला तो. बायकोसाठी. अहवालात लिहिलंय, प्रतिवादीने संपूर्ण सहकार्य केले.”

मी फोन ठेवला आणि खूप हसले, आणि हसता हसता लक्षात आलं की मी हरते आहे. जगातल्या कोणत्याही वसुलीवाल्याला पुरून उरेल असा माणूस मी स्वतः तयार केला होता. पुन्हा एप्रिल आला होता. बाबा अजून काही म्हणाले नव्हते, पण कामठीच्या सहकाऱ्याचा फोन येऊन गेल्याचं मला ऐकू आलं होतं.

तोड वकिलानंच काढली. तिनं पुढचं वॉरंट ऐन लग्नसराईतल्या शनिवारी बजावायची परवानगी मागितली आणि मालकांच्या वकिलाला प्रेमानं तसं कळवलं. गादीवर तीन-तीन वऱ्हाडं बसलेली, आणि कोर्टाचा माणूस शालू मोजतो आहे. तिथे कितीही गोड बोललं तरी नवरीकडचे उठणारच. शुक्रवारी सकाळी मालक आमच्या दारात उभे होते, हातात मिठाईचा डबा.

बाबांनी दार उघडलं. मालक त्यांच्या शेजारीच सोफ्यावर बसले, मला सोडून त्यांच्याशीच बोलायला लागले. तब्येत, ऊन, संत्र्याचा भाव. मग गुडघ्यावर हात ठेवून म्हणाले, “काका, तुम्ही जुन्या वळणाचे. तुमीच सांगा. त्यायनं दुकानात येऊन चार गोष्टी सांगितल्या, आमी ऐकल्या. याले काय काम म्हणाचं? थोडंबहुत देतो, मिटवून टाका.”

मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. मालकांना माहीत नव्हतं, पण ते नेमकं माझ्या घरातल्या न्यायाधीशासमोर बोलत होते.

बाबा म्हणाले, “मले काय विचारता? हुकूमनामा आहे साहेब. हुकुमाच्या बाहेर जाता येत नाही.”

मालकांनी सुस्कारा टाकला आणि चेकबुक काढलं. व्याज सोडा, असं त्यांनी मला दोन वेगवेगळ्या आवाजांत सांगून बघितलं. माझ्या जिभेवर माझीच सगळी वाक्यं रांगेत उभी होती. मी ती गिळली आणि “नाही” म्हणाले. तो शब्द उच्चारायला काय बरं वाटलं म्हणून सांगू! मालकांनी चेक लिहिला, चहा प्यायले आणि जाताना म्हणाले, “वर्धा रोडवर नवीन ब्रँच काढून राहिलो ताई. पोरायले तुमीच तयार कराचं.” मी म्हटलं, अर्धी फी आधी, आणि लेखी. ते हसत म्हणाले, “हाव, हाव. घरचाच मामला आहे.”

चेक वटला. बाबांनी शब्द पाळला आणि कामठीचं नाव काढलं नाही. मला आनंद व्हायला हवा होता. झालाही, पण अर्धाच. बाबांनी शिक्का मानला होता. उद्या वरच्या कोर्टानं उलटा शिक्का मारला असता तर त्यांनी तोही फाईलला लावला असता. माझं काम हे काम आहे, असं त्यांना स्वतःला वाटलं होतं का, हे मला अजून माहीत नव्हतं, आणि विचारायची हिंमत नव्हती. मला त्याचं वाईट वाटायचं.

मग हिवाळ्यात बाबांची पेन्शन थांबली. हयातीचा दाखला त्यांनी वेळेत दिला होता, त्याची पोचही होती. पण बँकेतला काउंटरवरचा माणूस बाबांना समोर बघत म्हणत होता, “काका, सिस्टीममध्ये तुम्ही हयात दिसत नाही.” बाबांनी पोच दाखवली, ओळखपत्र दाखवलं, शेवटी चिडून आपला हातही पुढे केला, नाडी पाहा म्हणून. उपयोग शून्य. चार वेळा जाऊन आले. चौथ्यांदा आले तेव्हा बुटांची नाडी न सोडताच खुर्चीत बसले. कागद पूर्ण असताना काम अडलं, असं त्यांच्या उभ्या आयुष्यात झालं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कणीक मळत होते. बाबा स्वयंपाकघरात आले, पेन्शनची फाईल ओट्यावर ठेवली आणि खिडकीबाहेर बघत म्हणाले, “आज तू चाल माह्यासंग बँकेत. कागद सारे बरोबर आहेत. पण त्या माणसाशी बोलाचं काम आहे, अन् ते मले येत नाही.”

मी कणकेचे हात तसेच धरून उभी राहिले.

“फी किती घेशीन, ते आधी सांग,” बाबा म्हणाले.

मी सांगितली. पुरी सांगितली, एक रुपया कमी केला नाही. बाबांनी घासाघीस केली नाही.